बसमधलं रीळ

डोमाजीला फिल्मवाल्या साहेबांनी फसवलं. हे मी पहिल्याच ओळीत लिहून टाकतो, कारण शेवटपर्यंत कोण वाचतं आणि कोण पान उलटतं याचा भरवसा नाही. पैशात फसवलं असतं तर मी लिहायला बसलोच नसतो. माझा जन्म बाजारात गेला, तशी फसवणूक कशी वसूल करायची हे मला कुणी शिकवायला नको. साहेबांनी त्याचा एक दिवस घेतला, त्यातला अर्धा जगाला दाखवला आणि उरलेला अर्धा कुठल्याशा डब्यात बंद करून ठेवला. जो अर्धा दाखवला त्यात एकही गोष्ट खोटी नव्हती. म्हणूनच ते आजवर सुटलेत. मी काही लेखक नाही. खांद्यावर गाठोडं घेऊन परसवाडा, लामता, खैरलांजी असे आठवडी बाजार फिरत फिरत बालाघाटला स्वतःचं कापडाचं दुकान टाकलेला माणूस आहे. या पुरवणीचे संपादक म्हणाले, अर्धं पान देतो. मी म्हटलं, डोमाचं आधीच एकदा अर्धं केलंय लोकांनी, आता पूर्ण द्या. त्यांनी दिलं.

डोमाजी गेला त्याला महिना उलटून गेला. बातमी मला लामत्याच्या बाजारात कळली. दुकान झालं तरी मी बाजार सोडलेले नाहीत. एका म्हातारीला लुगडं उलगडून दाखवत होतो, तेवढ्यात बालाघाटहून आलेल्या बसचा कंडक्टर तिकिटांची पिशवी खांद्यावर तशीच ठेवून थेट माझ्यापुढे येऊन उभा राहिला. म्हणाला, "कवडूसेठ, तुमचा भांडनारा गेला न जी." मला आधी समजलंच नाही. मग समजलं. मी हातातला कापड मोजायचा गज खाली टाकला आणि माल जसा होता तसा गाठोड्यात कोंबायला लागलो. ती म्हातारी बोळक्या तोंडानं हसली आणि म्हणाली, "काहून सेठ? डोमा नाही तं एकटाच रुसला काय?" आजूबाजूचे भाजीवाले, मीठवाले सगळे हसले. त्यांना वाटलं, मी काहीतरी नवं सुरू केलंय. त्यांच्या हसण्याचा मला अजिबात राग नाही. मी रागीट माणूस आहे, हे सगळा जिल्हा जाणतो. पण त्या हसण्यावर मला रागावता आलं नाही. बाजाराला डोमा तसाच माहीत होता. तो तसाच होता.

आमची ओळख भांडणातूनच झाली, आणि ते पहिलं भांडण खरं होतं. परसवाड्याच्या बाजारात एक मोठं चिंचेचं झाड आहे. मी नवखा होतो, तोही नवखा. मी पहाटे जाऊन सावलीत माल मांडला. ऊन चढलं तशी सावली सरकली आणि नेमकी त्याच्या मालावर जाऊन बसली. मी माझं गाठोडं तिकडे सरकवलं. त्यानं पायानं माझा कापडाचा ताका परत ढकलला. मी त्याच्या सात पिढ्या काढल्या. तो उंच, काटकुळा, मोठ्या डोळ्यांचा माणूस. मी ठेंगणा, जाड आणि आवाज असा की बसचा हॉर्न दबावा. मी शिव्या देत गेलो आणि तो नुसता माझ्याकडे बघत राहिला, आणि बघता बघता त्याच्या डोळ्यांतून पाणी आलं. सगळा बाजार गोळा झाला. बायका माझ्यावर तुटून पडल्या, पुरुषांतले काही म्हणाले की सेठ बरोबर बोलतो. भांडण मिटलं तेव्हा माझ्याकडे एक लुगडं उरलं नव्हतं आणि त्याच्याकडेही नाही. परतीच्या बसमध्ये एकच जागा रिकामी होती, त्याच्या शेजारची. बराच वेळ आम्ही एकमेकांकडे पाठ करून बसलो. मग तो खिडकीबाहेर बघत म्हणाला, "बावा, पुढच्या बाजारी बी भांडू."

तेव्हापासून आम्ही भांडलो. वर्षानुवर्षं भांडलो. एकाच व्यापाऱ्याकडून कापडाची एकच गाठ उचलायची, अर्धी अर्धी करायची, शेजारी शेजारी मांडायची आणि भांडायचं. मी आडदांड शेठ, तो गरीब बिचारा. ज्यांना दया यायची ते त्याच्याकडे जायचे, ज्यांना वाटायचं की आवाज मोठा म्हणजे माल पक्का, ते माझ्याकडे यायचे. कापड एकच होतं, त्यामुळे कुणाचंच नुकसान नव्हतं. आणि हे गुपित नव्हतं, ही गोष्ट मला ठासून सांगायची आहे. एक-दोन मोसमांतच सगळ्या बाजाराला ठाऊक झालं होतं. लोक आमचं भांडण ऐकायला चार पावलं वाकडी करून यायचे. मी ओरडायचो, "काय बे डोम्या, हे लुगडं हाय का मच्छरदानी? आरपार सारा परसवाडा दिसून राह्यला!" तो हात जोडून म्हणायचा, "दिसू द्या सेठ. गरिबाच्या मालातून गाव तं दिसते. तुमच्या आडून तं सूर्य बी दिसत नाही." मी गज उगारायचो. तो मान खाली घालायचा. आणि गर्दीतून एखादी बाई घाईघाईनं म्हणायची, "रड आता डोमा, लवकर रड! मले बस पकडाची हाय." मग तो रडायचा. आणि ती बाई हसत हसत त्याच्याकडून पोलक्याचं कापड घेऊन बस पकडायला पळायची.

त्याचा बाजारचा एक सदरा होता, निळसर पट्ट्यांचा. डाव्या खांद्यावर फाटलेला. घरी त्याच्याकडे धड कपडे होते. कापडवाल्याच्या घरी कापडाला काय तोटा? पण बाजारात तो नेहमी तोच सदरा घालायचा. त्याच्या बायकोला, सखूवहिनींना, त्या सदऱ्याची लाज वाटायची. त्या गुपचूप खांदा शिवून ठेवायच्या आणि हा बाजाराच्या सकाळी दातानं धागा तोडून तो पुन्हा उसवायचा. वहिनी म्हणायच्या, "भाऊजी, तुमीच सांगा ह्याहिले. लोक म्हनतीन बायको शिवून देत नाही." मी म्हणायचो, "वहिनी, तो खांदा शिवला तं आमचं दुकान बसन." डोमा भाताचा घास तोंडात तसाच ठेवून हसायचा. तो हसला की आवाज यायचा नाही, फक्त खांदे हलायचे. पाठीमागून बघणाऱ्याला वाटावं, माणूस रडतोय...

साहेब आले ते याच दिवसांत. त्यांचं नाव मी मुद्दाम लिहीत नाही. त्यांनी वाचलं तर त्यांना कळेल. दिल्लीकडचे होते, उंच, हळू बोलणारे, चपला काढून कुणाच्याही ओट्यावर बसणारे. माणूस मला आवडला होता, हेही लिहिलं पाहिजे. सोबत एक कॅमेरावाला आणि लांब काठीला बांधलेला माईक धरणारी एक मुलगी. आठवडी बाजारातल्या लहान विक्रेत्यांवर त्यांना फिल्म करायची होती. नट नाहीत, गोष्ट नाही. जो जसा आहे तसा. ते आमच्याबरोबर बसमधून हिंडले. डोमाच्या घरी जेवले. वहिनींनी चिन्नोरचा, आमच्याकडच्या वासाच्या तांदळाचा, भात रांधला, तो त्या मुलीनं दोनदा मागून घेतला. साहेबांचा एकच नियम होता, आणि तो त्यांनी पहिल्याच दिवशी सांगितला. "आप लोग जो रोज करते हैं, वही कीजिए. कैमरे की तरफ मत देखिए. हम न कुछ पूछेंगे, न बीच में बोलेंगे. हम सिर्फ देखेंगे." मी विचारलं, मग आम्ही तुम्हाला समजावून सांगायचं की नाही? ते म्हणाले, नाही, समजावणंही नाही. डोमानं विचारलं, "साहेब, नवा सदरा घालू का?" साहेब म्हणाले, नाही, रोजचाच घाला.

डोमानं तो नियम देवाच्या आज्ञेसारखा पाळला. कॅमेऱ्याकडे त्यानं एकदाही डोळा वर करून पाहिलं नाही. मी दोन-तीनदा पाहिलं असेल, आणि त्यावरून त्यानं मला घरी नेऊन झापलं. ज्या दिवशी परसवाड्याला ते भांडण टिपणार होते, त्या सकाळी बसमध्ये तो माझ्या कानाशी म्हणाला, "रोजचंच करा म्हनते साहेब. मंग रोजचं आज जरा चांगलं करू." त्या दिवशी आम्ही असे भांडलो की बाजारच थांबला. मी पान खाल्लं होतं, माझं तोंड लाल झालं होतं. मी त्याचा ताका उचलून धुळीत फेकला. असं मी आधी कधी केलं नव्हतं. त्या दिवशी सुचलं म्हणून केलं. आणि डोमा खाली बसला. धुळीतलं ते कापड त्यानं दोन्ही हातांनी उचललं, मांडीवर घेतलं, झटकलं, आणि रडला. आवाज नाही, काही नाही. मी त्याच्याबरोबर इतकी वर्षं काढली होती, तरी क्षणभर मी पुढची शिवी विसरलो. बाजार संपल्यावर मी पुढे पळालो, कारण परतीच्या बसला जागा धरायची तर कुणालातरी आधी जाऊन खिडकीतून दुपट्टा टाकावा लागतो. ते काम नेहमी माझं, कारण माझ्याशी जागेवरून भांडायची कुणाची हिंमत नव्हती. डोमा मागून डोक्यावर गाठोडं घेऊन आला. कॅमेरावाला त्याच्या पाठीमागून चालत होता.

बसमध्ये साहेब मागच्या बाकावर बसले, कॅमेरावाला पायऱ्यांजवळ टेकला, त्या मुलीनं माईकची काठी आमच्या डोक्यावर धरली. कॅमेरा चालू होता. डोमानं डबा उघडला, मुरमुरे आणि कांदा माझ्यापुढे धरला, आणि दिवसभर पाळलेला नियम एकदाच मोडला. मान वळवून साहेबांकडे बघत त्यानं विचारलं, "साहेब, मी बराबर रडलो नं?" साहेब बोलले नाहीत. त्यांचा नियम होता. पण ते हसले, मी स्वतः पाहिलं. त्या मुलीला हसू आवरेना, तिच्या हातातली काठी थरथरायला लागली. मी म्हटलं, "काय रडला बे, मी पुढची शिवीच विसरलो." आणि डोमा हसायला लागला. त्याला मुरमुऱ्यांचा ठसका लागला. मी त्याच्या पाठीत धपाधप मारत होतो, सगळी बस हसत होती, मागून कुणीतरी ओरडलं, "सेठ, आता खरंच मारून टाकसान त्याले!" मग कॅमेरावाला म्हणाला, रील खत्म. म्हणजे तोवरचं सगळं त्यांनी घेतलं होतं. त्यांनी पाहिलं नाही, त्यांना कळलं नाही, असं नाही. त्यांना कळलं होतं. हाच माझा दावा आहे.

पुढच्या वर्षी फिल्म टीव्हीवर लागली. बालाघाटला टीव्ही नुकताच आला होता. आमच्या वॉर्डात तो तहसीलमधल्या एका बाबूंकडे होता आणि त्या रविवारी दुपारी त्यांचा ओटा, अंगण, खिडक्या सगळं माणसांनी भरलं होतं. डोमा नवा पांढरा सदरा घालून पुढे बसला होता, वहिनी दाराआड. आधी आमचा बाजार दिसला, चिंचेचं झाड दिसलं, लोकांनी टाळ्या वाजवल्या. मग माझं तोंड दिसलं, पडदा भरून. फाटका खांदा दिसला. मी फेकलेला ताका दिसला. डोमा रडला तेव्हा अंगणातले लोक शिट्ट्या मारत होते, "वा डोमाभाऊ!" मग तो डोक्यावर गाठोडं घेऊन रस्त्यानं एकटा निघाला. कॅमेरा मागे थांबला आणि तो चालत राहिला, लहान लहान होत गेला... आणि नावं यायला लागली. कुणी जागचं उठलं नाही. आम्ही बसची वाट बघत होतो. डोमा बाबूंकडे वळून म्हणाला, "अन् बस कुठं गेली?" टीव्हीवर दुसराच कार्यक्रम सुरू झाला होता.

त्याला राग आला नाही. मला आला, मी त्याच दिवशी दिल्लीला जायला निघालो होतो, वहिनींनी हात जोडून थांबवलं. डोमा म्हणायचा, "पुढच्या भागात असन बावा. एका वेळी किती दाखवतीन?" पुढे कित्येक रविवार तो बाबूंच्या ओट्यावर जाऊन बसला. कार्यक्रम कुठलाही असो, तो शेवटपर्यंत बघायचा आणि मग उठून यायचा. मी विचारायचो, काय दाखवलं? तो म्हणायचा, "आज नाही दाखवली." बस म्हणायचीही त्याला गरज वाटायची नाही.

बाजारातल्या लोकांना काही फरक पडला नाही. फरक पडला तो बाहेरून येणाऱ्यांमुळे. शहरातले कुणी कुणी मुद्दाम परसवाड्याला येऊ लागले, फिल्ममधल्या त्या दोघांना बघायला. एका गृहस्थांनी डोमासाठी जुने कपडे आणले, स्वेटर, पँट, दोन सदरे. कापड विकणाऱ्या माणसाला जुने कपडे! मी उठणार होतो, पण डोमानं माझ्या गुडघ्यावर हात ठेवला. त्यानं तो स्वेटर हातात घेतला, उलटा केला, वीण बघितली आणि म्हणाला, "माल चांगला हाय जी." ते गृहस्थ गहिवरले. जाताना माझ्याकडे असं बघून गेले की मी आयुष्यात कुणाकडून तसं बघून घेतलेलं नाही. त्यानंतरच्या बाजारी मी नेहमीसारखा ओरडलो, "काय बे डोम्या," तर गर्दीतल्या एका तरुणानं माझा हात धरला. "शर्म नहीं आती?" आमच्या ओळखीच्या बायका त्याला सांगायला लागल्या, अरे बाबू, हे असंच हाय, हे रोजचं हाय. तो ऐकेना. आणि डोमा रडला. त्या वेळी आजूबाजूच्या कुणाला कळलं नसेल, पण मी त्याचं रडणं इतकी वर्षं शेजारी बसून पाहिलं होतं. त्या दिवशी तो खरं रडला. त्या रडण्यावर एकही गिऱ्हाईक आलं नाही.

मग भिलाईहून अशोक आला, त्याचा मुलगा. कारखान्यात चांगल्या नोकरीवर आहे. लहानपणी हाच पोरगा आमच्या दोन गाठोड्यांच्या मधे झोपायचा. आमच्या भांडणानं त्याची झोपही मोडायची नाही. मला वाटलं, हा तरी हसेल. तो अंगणात उभा राहूनच म्हणाला, "बाबा, आता बाजारात बसाचं नाही." मी म्हटलं, "अरे, तुले तं माहीत हाय ना?" तो म्हणाला, "मले माहीत हाय काका. पन माह्या क्वार्टरच्या लाइनीत सारे पूछतात, वो तुम्हारे पिताजी थे? बेचारे को कौन मारता है? मी एकेकाच्या दारी जाऊन सांगू काय, का तो नाटक करत होता?" मी काही बोलणार, तेवढ्यात तो म्हणाला, "अन् सांगतलं तं कोन मानन? त्याहिनं डोळ्यानं पाह्यलं." डोमानं मुलाकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं. म्हणाला, "हौ. पोरगा म्हनते तं बसत नाही." वहिनींनी त्या संध्याकाळी निळ्या सदऱ्याचा खांदा पक्का शिवला. दुसऱ्या दिवशी त्यानं तो उसवला नाही.

मी साहेबांना एकदाच पुन्हा भेटलो. नागपूरच्या एका कॉलेजात ती फिल्म दाखवणार आणि ते स्वतः येणार, असं पेपरात वाचलं. डोमाला म्हटलं, चल. तो म्हणाला, "तूच जा. मले त्याहिनं फाटक्या सदऱ्यात पाह्यलं, ह्या सदऱ्यात कोन ओळखन?" मी गेलो. मागे बसलो. फिल्म संपल्यावर एक मुलगा उठून फार चांगल्या भाषेत बोलला, त्या हरलेल्या माणसाच्या मूकपणाबद्दल. मला राहवलं नाही. मी उभा राहिलो आणि म्हणालो की तो हरलेला नव्हता, तो माझा भाऊ आहे, पुढे बस आहे, ती दाखवा. मला हळू बोलता येत नाही. बाजारानं मला हाच आवाज दिला. पुढच्या रांगेतली माणसं वळून बघायला लागली आणि कुणीतरी म्हणालं, "हाच तो." मी जितकं ओरडून सांगत गेलो तितकी त्यांची फिल्म खरी होत गेली. बाहेर व्हरांड्यात साहेब माझ्यापाशी आले. शांतपणे म्हणाले, "कवडूजी, जो था, वही दिखाया है." मी विचारलं, और बस? ते म्हणाले, "फिल्म लंबी हो रही थी." मी म्हटलं, साहेब, मी कापडवाला आहे. कापड कुठे कापायचं हे ज्याला कळत नाही त्यानं कात्री हातात धरू नये. रीळ कुठे आहे? ते म्हणाले, "रखी होगी कहीं." कहीं! एवढं बोलून ते चहाला गेले. मी त्यांना जाऊ दिलं, याचं मला आजही नवल वाटतं.

बाजार सुटल्यावर डोमाला करायला काही उरलं नाही. दारापुढे खुर्ची टाकून बसायचा. मी बाजार करून आलो की आधी त्याच्याकडे जायचो आणि कोण आलं, कोण काय म्हणालं ते सांगायचो. तो नुसता ऐकायचा. हळूहळू त्याचा आवाजच कमी झाला. वहिनी म्हणायच्या, "भाऊजी, हे दिवसभर बोलतच नाही न." डॉक्टरांनी काय काय कारणं सांगितली, ती खरीही असतील. मी डॉक्टर नाही. शेवटच्या भेटीच्या दिवशी मला वाटलं, याला जरा हलवावं. मी फाटकातूनच ओरडलो, "काय बे डोम्या, सावली खाऊन राह्यला का?" त्यानं वर पाहिलं. कितीतरी दिवसांनी ते जुने डोळे मला दिसले. त्यानं उत्तर द्यायला तोंड उघडलं, आणि तेवढ्यात समोरच्या घरात नवे राहायला आलेले गृहस्थ बाहेर येऊन मला म्हणाले, "बुजुर्ग आदमी को क्यों सताते हो, भाई?" डोमाचं तोंड मिटलं. मी त्यांच्याकडे वळलो, तर मागून तो म्हणाला, "बस बावा." एवढंच. तो माझ्याशी बोललेला शेवटचा शब्द.

लामत्याहून मी पोचलो तेव्हा अशोक भिलाईहून निघालेला होता. डोमाच्या अंगावर घालायचं कापड मी दुकानातून आणलं. पांढऱ्या लठ्ठ्याचा कोरा ताका काढला. आमच्या धंद्यात त्या कापडाला घासाघीस नसते, आणि ते कात्रीनं कापत नाहीत, हातानं फाडतात. मी फाडलं. वैनगंगेच्या घाटावर परसवाड्याचे, लामत्याचे कितीतरी बाजारकरी आले होते. कुणी मोठ्यानं रडलं नाही. मीठवाला म्हणाला, "सेठ, काहीतरी बोला त्याले. असाच जाऊ देता काय?" सगळे माझ्या तोंडाकडे बघत थांबले होते आणि मला एक शब्द सुचला नाही.

तेरवीच्या दिवशी वहिनींनी तो निळा सदरा मला दिला. खांद्यावरची शिवण त्यांनी पुन्हा उसवली होती. म्हणाल्या, "हा असाच राहू द्या भाऊजी." तो आता माझ्या दुकानात, मी बसतो त्याच्या मागे खिळ्याला टांगलेला आहे. गिऱ्हाईक विचारतं, कापडाच्या दुकानात हा फाटका सदरा कशाला? मी सांगतो. ज्याला वेळ असतो त्याला सगळं सांगतो. परसवाड्याला चिंचेखाली माझ्या शेजारची जागा मी कुणाला देत नाही. दुपारी सावली सरकते आणि त्या रिकाम्या जागेवर जाऊन बसते. मी माझं गाठोडं तिकडे नेत नाही.

साहेब, ही पुरवणी दिल्लीला जात नाही, पण तुमच्यापर्यंत कुणीतरी ती पोचवेलच. मला तुमच्याकडून माफी नको. माफीत मोजमाप नसतं, ती कितीही देता येते. मला ते रीळ हवं आहे. शोधा. तुमच्या कहींमध्ये जे कुठलं कपाट असेल ते उघडा आणि परसवाड्याला या. पडद्याची काळजी करू नका. डोमासाठी ज्या ताक्यातून कापड फाडलं तो ताका मी विकलेला नाही, तो चिंचेला बांधतो. दिवेलागणीला बाजार थांबवून ठेवणं माझ्याकडे लागलं. वहिनी पुढे बसतील, अशोकला मी भिलाईहून हाताला धरून आणीन, आणि सगळ्यांदेखत ती बस एकदा बालाघाटला पोचू द्या. आणि रीळ हरवलं असेल, जळालं असेल, फेकून दिलं असेल, तरीही तुमची सुटका नाही. बसमध्ये त्यानं तुम्हाला एक प्रश्न विचारला होता. नियम होता म्हणून तुम्ही बोलला नाहीत. आता कॅमेरा बंद आहे, साहेब. तो बरोबर रडला होता की नाही, सांगा.